ओढ्याकाठची शिंदी : सोलापूरची पार्श्वभूमी

सोलापूर जिल्ह्यात ओढा खोलीकरणाचं काम निघालं की काठच्या शिंदीवरून, म्हणजे खजुराच्या जातीच्या रानटी झाडावरून, बोलाचाली ठरलेली. काढा म्हणणारे आणि राहू द्या म्हणणारे, दोघंही हे झाड अलीकडेच वादात सापडल्यासारखं बोलतात. पण शिंदीचा वाद जुना आहे, आणि त्याचं मूळ पाण्यात सापडत नाही. ते अबकारीच्या, म्हणजे दारू-ताडीवरच्या कराच्या, महसुलात आहे.

त्याआधीच्या काळाबद्दल फार लिहिण्यासारखं नाही. सीना, भीमा, बोरी आणि त्यांना मिळणाऱ्या ओढ्यांच्या काठी शिंदी कुणी मुद्दाम लावली नाही. पिकलेली फळं पाखरांनी, जनावरांनी खाल्ली, बिया पडल्या, आणि जिथं ओल टिकली तिथं झाड आलं. तिची तंतुमुळं दरडीची माती धरून ठेवतात. ओढा महिनोन्महिने कोरडा पडला तरी ती उभी राहते, पूर येऊन गेला तरी उभी राहते. तिच्या फड्यांच्या, म्हणजे पानांच्या, केरसुण्या आणि चटया मातंग समाजातल्या घरांनी पिढ्यान्‌पिढ्या वळल्या. पाण्यावर झुकलेल्या शेंड्याला सुगरणीचे खोपे लटकले. यातल्या कशाचीच नोंद सरकारदरबारी नव्हती.

नोंद झाली ती झाड छेदून काढलेल्या रसाची, जो आंबला की ताडी होते. १८७८ च्या मुंबई अबकारी कायद्याने झाड छेदायला परवाना आणि झाडामागे कर आला, विक्रीचे ठेके दिले जाऊ लागले. मातीला धरून ठेवणाऱ्या, केरसुणी देणाऱ्या झाडाची किंमत आता छेदण्याजोगं आहे की नाही, एवढ्यावर ठरू लागली. हा शिक्का पुढे कधीच पुसला गेला नाही.

म्हणूनच १९३० मध्ये कुऱ्हाड शिंदीवर पडली. ५ मे रोजी गांधीजींना अटक झाली आणि गिरण्यांचं सोलापूर पेटलं. गुजरातेत सुरत जिल्ह्यात ताडीची झाडं तोडण्याचा कार्यक्रम त्याआधीच सुरू झाला होता. तिकडे ज्याला खजुरी म्हणतात ते हेच झाड. ८ मे रोजी सोलापूरचा जमाव रूपाभवानीच्या देवळाच्या बाजूला शिंदी तोडायला गेला. तोडणाऱ्यांना पोलिसांनी पकडलं, त्यांना सोडा म्हणून गर्दी वाढत गेली, गोळीबार झाला, माणसं पडली. मंगळवार पेठेतली पोलीस चौकी जाळली गेली, त्यात पोलीसही मेले. १२ मे रोजी मार्शल लॉ पुकारला गेला. १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्यात चौघांना फाशी झाली. त्या चौघांची नावं सोलापुरात शाळकरी पोरालाही पाठ आहेत. ती साखळी शिंदीच्या झाडापासून सुरू झाली, हे मात्र फारसं कुणी सांगत नाही.

तोडण्याचा तो निर्णय बरोबर होता का? त्या वेळचा हिशेब सरळ होता. झाड नाही तर रस नाही, रस नाही तर कर नाही, आणि संध्याकाळी गिरणीतून सुटलेल्या कामगाराची मजुरीही वाचते. दुकानापुढचं निदर्शन लाठीने मोडता येतं, तोडलेलं झाड सरकारला परत उभं करता येत नाही. सत्याग्रह म्हणून त्या कृतीचं मोल मला मोठंच वाटतं, आणि ज्यांनी त्याची किंमत मोजली त्यांच्यापुढे आजही मान झुकते.

पण शिंदी बाभळीसारखी बुंध्यातून पुन्हा फुटत नाही. तिला वाढीचा कोंब एकच, शेंड्याला. तो गेला की झाड संपलं. खजुरासारखी बुडाला पिलंही ती देत नाही. म्हणजे नुकसान एका हंगामाच्या महसुलाचं नव्हतं, ते कायमचं होतं. त्यात केरसुणी वळणाऱ्या बाईचं आणि दरडीच्या मातीचंही नुकसान होतं, आणि त्यांना कुणी विचारलं नव्हतं. पुढच्या वर्षांत गांधीजींनीच ताडगुळाचा पुरस्कार केला, याच झाडांच्या ताज्या, न आंबलेल्या रसापासून खेड्याला गूळ मिळावा म्हणून. तोडण्याची हाक गावोगाव पोचली होती, जपण्याची पोचली नाही. शिंदी म्हणजे दारूचं झाड, हा समज तेवढा राहिला.

स्वातंत्र्यानंतरच्या कायद्यांनी तो पक्का केला. १९४९ च्या दारूबंदी कायद्याने ताडीबरोबर नीराही परवान्याखाली आली. नीरा उन्हं चढली की आंबू लागते, त्यामुळे ही सावधगिरी समजण्यासारखी आहे. पण शेतकऱ्याच्या दृष्टीने झाड ठेवणं म्हणजे नसती झंझट ओढवून घेणं झालं. १९६४ च्या वृक्षतोड कायद्याच्या अनुसूचीत आंबा, चिंच, जांभूळ, मोह आहेत, शिंदी नाही. शहरात १९७५ चा वृक्ष कायदा लागू आहे, म्हणून तिथं तोडायला परवानगी लागते. पण तिचं खरं घर, खेड्यातला ओढा, त्या कायद्याबाहेर. दरम्यान शहरात ताडी विकली जातच राहिली, आणि क्लोरल हायड्रेट हे गुंगीचं रसायन कालवलेल्या ताडीने झाडाची उरलीसुरली अब्रूही घालवली. त्या भेसळीत शिंदीचा थेंबही नसला तरी बदनामी तिचीच.

उजनी धरणाचं पाणी १९८० नंतर आलं, ऊस थेट दरडीपर्यंत सरकला, काठची पट्टी अरुंद होत गेली. २०१४ च्या अखेरीस जलयुक्त शिवार ही पाणी अडवण्याची सरकारी योजना आली तसे ओढ्यात पोकलेन उतरले. खोलीकरणाची गरज मी नाकारत नाही, टँकरवर जगलेल्या गावांना पाणी अडवायलाच हवं होतं. पण काम खोली आणि लांबीवर मोजलं गेलं. काठावर काय उभं होतं, ते मोजायला रकानाच नव्हता. दरड उघडी पडली की पुढच्या मोठ्या पावसात तीच माती खोदलेल्या पात्रात येऊन बसते, आणि गाळ काढायला पुन्हा मशीन लागतं.

आता काही गावांत काठावर झाडं लावताना करंज, बांबूबरोबर शिंदीचंही नाव घेतलं जातं. लगेच कुणीतरी विचारतं, उद्या इथं ताडीचं दुकान आलं तर? रस काढायला परवाना आजही लागतो, लावायला आणि वाढवायला लागत नाही, हे ग्रामसभेत स्पष्ट सांगावं लागेल. बी रुजायला दोन-तीन महिने लागतात, खोड वर यायला काही वर्षं. फडे मात्र त्याआधीच मिळू लागतात, आणि दिवाळीत लक्ष्मीपूजनाला लागणाऱ्या केरसुणीसाठी ते गावातच हवे आहेत.