'गेम क्रॅश झाला' म्हणजे पडलं कोण? क्लायंट की सर्व्हर?

रात्री साडेअकराला आमच्या माइनक्राफ्टच्या ग्रुपवर मेसेज येतो: "सर्व्हर पडला रे, रीस्टार्ट मार." सर्व्हर, म्हणजे आम्ही सगळे ज्याला जोडून खेळतो तो प्रोग्रॅम, मी चालवतो. उठून बघतो तर तो ठणठणीत. बाकीचे चौघं खाणीत हिरे शोधतायत आणि एक जण चॅटमध्ये विचारतोय, "हा अचानक कुठे गायब झाला?" पडला होता तो मेसेज करणाऱ्याच्या कॉम्प्युटरवरचा गेम, म्हणजे क्लायंट. मी मुकाट्याने रीस्टार्ट मारला असता तर चौघांचा खेळ मोडला असता आणि हा परत आल्यावर त्याच जागी पुन्हा पडला असता.

मी बोलतोय ते मॉड (गेममध्ये बाहेरून घातलेली भर) असलेल्या माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीबद्दल. मॉड कसे टाकायचे, लाँचर कुठला वापरायचा, हे तुम्हाला येतं असं धरून चालतो. मॉड चालवायला फोर्ज, निओफोर्ज की फॅब्रिक हा वादही इथे नको. फाइली आणि सेटिंगं थोडी इकडची तिकडे होतात, बाकी सगळं तेच. 'गेम क्रॅश झाला' या एका वाक्यात दोन वेगळ्या घटना कोंबल्या जातात आणि दोन्हींवर एकच औषध शोधलं जातं, माझा वैताग त्याबद्दल आहे.

सोपं आधी उरकतो. 'कनेक्शन लॉस्ट' असा पडदा आला आणि खाली सर्व्हरच्या यादीकडे परत जायचं बटण असेल, तर तुमचा गेम क्रॅश झालेलाच नाही. मेलेला गेम बटणं दाखवत बसत नाही. 'टाइम्ड आउट', 'कनेक्शन रीसेट' वगैरे मजकुराचा अर्थ एवढाच की पलीकडून बोलणं थांबलं. अशा वेळी लॉग (गेम स्वतः लिहितो ती नोंदींची फाइल) उघडायच्याही आधी ग्रुपवर विचारा: तुम्ही पण बाहेर फेकले गेलात का? सगळे एकदम बाहेर पडले असतील तर सर्व्हरकडे बघायचं. तुम्ही एकटेच आणि गेमची खिडकीच बंद झाली, तर क्लायंट. एकटेच, पण पडदा बटणवाला असेल तर तुमचं नेट तपासा, किंवा तुमच्याकडचे मॉड आणि सर्व्हरवरचे मॉड जुळतायत का ते पाहा. दहातली सात भांडणं इथेच मिटतात.

पुढचा टप्पा क्रॅश रिपोर्टचा. गेमच्या फोल्डरमध्ये 'क्रॅश-रिपोर्ट्स' नावाचं फोल्डर असतं. त्यातल्या फाइलीच्या नावात तारीख-वेळ असते आणि शेवटी 'क्लायंट' किंवा 'सर्व्हर' हा शब्द. ती अख्खी फाइल पाठवायची. लाँचरच्या 'एक्झिट कोड १' या खिडकीचा मोबाइलने काढलेला तिरका फोटो नाही. 'एक्झिट कोड १' म्हणजे 'काहीतरी बिघडलं', आणि तेवढं मला तुमच्या मेसेजवरून कळलेलंच असतं. फाइलीच्या सुरुवातीला एक विनोदी वाक्य असतं, ते गेम दर वेळी यादीतून कुठलंही उचलून टाकतो. त्याचा अर्थ विचारणारे मला आजवर तिघे भेटलेत. त्याला काहीही अर्थ नाही.

आता मुख्य मुद्दा. सगळ्यात जास्त वेळा ऐकलेलं वाक्य हे: "मॉडचा प्रॉब्लेम नाहीये, माझ्याकडे सिंगलप्लेअरमध्ये मस्त चालतो. तुझ्याच सर्व्हरचं काहीतरी आहे."

सिंगलप्लेअर म्हणजे सर्व्हर नसलेला गेम, अशी बहुतेकांची समजूत असते. २०१२ च्या ऑगस्टमध्ये १.३.१ आवृत्ती आली, तोवर ती बरोबरही होती. त्यानंतर तुम्ही एकटे खेळता तेव्हाही गेमच्या पोटात एक सर्व्हर चालू असतो. गाई-कोंबड्या हलवणं, पीक वाढवणं, भट्टीत लोखंड वितळवणं हे सगळं तो सर्व्हर करतो, सेकंदाला २० टिकांच्या ठेक्यावर. टिक म्हणजे गेमचा एक ठोका, एका टिकेला ५० मिलिसेकंद. क्लायंट चित्र काढतो, आवाज देतो आणि तुमची बटणं ऐकतो. एकाच प्रोग्रॅममध्ये दोन थ्रेड, म्हणजे एकाच वेळी चालणारे कामाचे दोन धागे: एक 'सर्व्हर थ्रेड', एक 'रेंडर थ्रेड'.

म्हणून प्रश्न खरं तर दोन आहेत, आणि लोक ते एकच समजतात. कुठल्या मशीनवर पडलं, हा एक. कुठल्या बाजूचं काम करताना पडलं, हा दुसरा. फोल्डर कुणाच्या कॉम्प्युटरवर आहे त्यावरून मशीन कळतं. फाइलीच्या नावातल्या शेवटच्या शब्दावरून बाजू कळते. सिंगलप्लेअर खेळताना तुमच्याच लॅपटॉपवर 'सर्व्हर' शेपटीची फाइल तयार झाली तर दचकू नका, तुमच्या पोटातला सर्व्हर पडलाय. शंका असेल तर फाइलीत 'हेड' नावाच्या भागात 'थ्रेड' अशी ओळ शोधा. 'डिस्क्रिप्शन'च्या ओळीवर विसंबू नका. 'टिकिंग एंटिटी' दिसलं की लोक डोळे मिटून सर्व्हरला दोष देतात, पण क्लायंटही आपल्या बाजूला प्राण्यांच्या टिका चालवतो, आणि तोही नेमक्या याच शब्दांत पडतो.

आता 'सिंगलप्लेअरमध्ये चालतं' याने काहीच सिद्ध का होत नाही, ते बघू.

एका वाड्यात दोन बिऱ्हाडं आहेत असं समजा. मधली भिंत पातळ, दार उघडंच. या घरातली साखर संपली की त्या घरातून वाटीभर आणायची, विचारायचीही गरज नाही. सिंगलप्लेअरमध्ये क्लायंट आणि सर्व्हर असे शेजारी राहतात. मॉड लिहिणाऱ्याने सर्व्हरच्या कामात चुकून क्लायंटच्या सामानाला हात लावला (मेनूचा पडदा, टेक्श्चर म्हणजे वस्तूंवरची चित्रं, आवाज, काहीही), तरी खपून जातं, कारण सामान शेजारीच आहे. खरा वेगळा सर्व्हर म्हणजे एक बिऱ्हाड दुसऱ्या गावी गेलं. सर्व्हरच्या फाइलीत पडदे-टेक्श्चरवाला कोड नसतोच. मॉड हात पुढे करतो, हाताला काही लागत नाही, आणि सर्व्हर चालू होता होताच कोसळतो. फोर्जवर अशा वेळी लॉगमध्ये क्लायंटच्या एखाद्या क्लासचं नाव येतं आणि पुढे 'इनव्हॅलिड डिस्ट डेडिकेटेड सर्व्हर'. हे शब्द दिसले की रॅम, नेट, जावा काही बघायचं नाही. चूक त्या मॉडची आहे, किंवा नुसता दिसण्यापुरता असलेला मॉड सर्व्हरवर टाकणाऱ्याची. मॉड क्लायंटपुरताच आहे अशी नोंद लिहिणाऱ्याने केली असेल, तर फॅब्रिक त्याला सर्व्हरवर निमूट बाजूला ठेवतो. नोंद करायला विसरला असेल तर मग तुमची संध्याकाळ गेली.

दुसरा प्रकार जास्त लबाड. वाड्यात दोन्ही बिऱ्हाडांचा हिशेब एकाच पाटीवर लिहिला जातो. मॉडने यंत्रातल्या ऊर्जेचा आकडा एका स्टॅटिक व्हेरिएबलमध्ये, म्हणजे अख्ख्या प्रोग्रॅमच्या सामायिक जागेत, ठेवला. सर्व्हर थ्रेड तो लिहितो, रेंडर थ्रेड तोच वाचून पडद्यावर दाखवतो. गावं वेगळी झाल्यावर आकडा पत्राने, म्हणजे पॅकेटने, पाठवायला हवा. पत्र लिहायचं राहून गेलेलं असतं. मग सर्व्हर नीट चालतो आणि क्लायंट रिकाम्या पाटीकडे बघत 'नल पॉइंटर' म्हणून पडतो. रिपोर्ट क्लायंटचा, मॉड सिंगलप्लेअरमध्ये निर्दोष, सर्व्हरच्या लॉगमध्ये चकार शब्द नाही. माझे दोन शनिवार अशा एका मॉडने खाल्ले.

म्हणून मॉड तपासायचा तर सिंगलप्लेअरमध्ये नाही. स्वतःच्याच कॉम्प्युटरवर वेगळा सर्व्हर चालवा, तेच मॉड घाला, इयुलाच्या (वापराच्या अटींच्या) फाइलीत 'ट्रू' करा आणि गेममधून 'लोकलहोस्ट'ला, म्हणजे त्याच कॉम्प्युटरला, जोडा. मशीन एक असलं तरी प्रोग्रॅम दोन, म्हणजे बिऱ्हाडं खरोखर वेगळी. घरच्या घरी 'लॅनवर उघडा' करून तपासणं चालत नाही. यजमानाकडे तो पोटातलाच सर्व्हर असतो, फक्त दार पाहुण्यांना उघडलेलं.

बाजू कळली की उपाय बदलतो. आमच्याकडे एकाने मोठ्या हौसेने काचेच्या कपाटात मॉडची तलवार मांडली, आणि जो तिकडे फिरकेल त्याचा गेम बंद. ज्याच्या घरात कपाट, तो तर आत येताच पडायचा. ग्रुपवर अर्थातच 'सर्व्हर पडतोय'. रिपोर्ट सगळे क्लायंटचे, वर्णन 'रेंडरिंग ब्लॉक एंटिटी', खाली कपाटाची जागा तीन आकड्यांत छापलेली. सर्व्हर चित्र काढत नसल्यामुळे त्याला त्या तलवारीचं काहीच वाटत नव्हतं. सगळ्यांना दोन मिनिटं लांब राहायला सांगितलं, कन्सोलवरून (सर्व्हरला हुकूम द्यायच्या खिडकीतून) तो चंक, म्हणजे नकाशाचा तुकडा, 'फोर्सलोड'ने उघडला, 'सेटब्लॉक'ने कपाटाच्या जागी हवा ठेवली, फोर्सलोड काढून टाकला. रीस्टार्टची गरजच पडली नाही.

हेच सर्व्हर थ्रेडवर घडलं असतं तर ही युक्ती उलटली असती. एखादा प्राणी किंवा यंत्र टिक होतानाच सर्व्हर पाडत असेल, तर तो चंक उघडणं म्हणजे पुन्हा पडणं. कन्सोलवर टाइप करायलाही वेळ मिळत नाही. त्यासाठी फोर्ज आणि निओफोर्जच्या सर्व्हर कॉन्फिगमध्ये 'रिमूव्ह एररिंग एंटिटीज' आणि 'रिमूव्ह एररिंग ब्लॉक एंटिटीज' अशी दोन सेटिंगं असतात. फॅब्रिकवर वेगळा मॉड घ्यावा लागतो. आधी वर्ल्डची प्रत काढा, सेटिंग चालू करा, सर्व्हर एकदा उभा राहू द्या आणि लगेच बंद करा. ते सेटिंग कायमचं चालू ठेवणाऱ्यांची मला चीड आहे. पुढे कधी कुणाचं भरलेलं यंत्र सामानासकट नाहीसं होतं आणि खापर चोरीवर फुटतं.

एक तिसरा प्रकार सर्व्हरचाच, पण तो पडत नाही, अडकतो. एकच टिक ६० सेकंदांवर गेली की वॉचडॉग, म्हणजे सर्व्हरमधलाच पाळत ठेवणारा भाग, त्याला स्वतःहून मारतो. लोक 'मॅक्स-टिक-टाइम'ला उणे १ करून मोकळे होतात. त्याने वॉचडॉग बंद होतो, अडकणं तसंच राहतं, आणि आता रिपोर्टही मिळत नाही. मोठा नकाशा आधीच तयार करून घेताना एक रात्र तसं ठेवलं तर ठीक, एरवी नको. वॉचडॉगच्या रिपोर्टमध्ये सर्व्हर थ्रेड नेमका कुठे अडकला होता ते दिसतं.

कुठल्याही बाजूचा रिपोर्ट नसेल तर गेमच्या कोडच्या खालचं काहीतरी बिघडलंय. 'एचएस-इआरआर' नावाने सुरू होणारी फाइल सापडली तर खुद्द जावा कोसळलं. क्लायंटवर मी आधी ग्राफिक्स ड्रायव्हर बघतो. भाड्याच्या सर्व्हरच्या पॅनेलवर १३७ आकडा दिसला तर प्रोसेस बाहेरून मारली गेली आहे, बहुधा मशीनची मेमरी संपल्यामुळे. रॅमचा विषय खरा इथे येतो, किंवा लॉगमध्ये 'आउट ऑफ मेमरी' असं स्वच्छ लिहिलेलं असेल तिथे. बाकी प्रत्येक क्रॅशवर "रॅम वाढव" सांगणारा एक जण ग्रुपमध्ये असतोच. आमच्याकडचा आमचा मावसभाऊ आहे. सर्व्हरला मशीनची अख्खी मेमरी दिली की खालच्या ऑपरेटिंग सिस्टिमला काही उरत नाही, आणि तो १३७ त्यानेच ओढवून घेतलेला असतो.

रिपोर्ट वाचताना वरची ओळ सोडून खाली जा, शेवटचा 'कॉज्ड बाय' गाठा. नावं सगळी मूळ गेमचीच दिसली तरी मॉड सुटला असं समजू नका. मिक्सिन नावाच्या साधनाने मॉड आपला कोड गेमच्या क्लासमध्ये (गेमच्या मूळ कोडच्या तुकड्यांत) शिवतात, आणि मग 'हँडलर'ने सुरू होणाऱ्या लांबलचक मेथडच्या नावात मॉडचं नाव लपलेलं असतं. तेही सापडलं नाही तर मॉड अर्धे काढायचे, पुन्हा चालवायचं, उरलेल्यांतले अर्धे काढायचे. २०० मॉड असले तरी आठ फेऱ्यांत एकावर येता, बिघाड एकाच मॉडचा असेल तर. पण त्या फेऱ्या त्या लोकलहोस्टच्या सर्व्हरवर मारा, माझ्या चालत्या सर्व्हरवर नाही.