मोमिल्यानो यांचे इतिहासलेखनविषयक ग्रंथ

आर्नाल्डो मोमिल्यानो (१९०८–१९८७) या इटालियन ज्यू इतिहासकाराने प्राचीन इतिहासलेखन आणि त्यामागील विचारपरंपरा यांविषयी लिहिलेले ग्रंथ. ग्रीक-रोमन जगात काय घडले, यापेक्षा ते कोणी आणि कशाच्या आधारावर लिहून ठेवले, याचा शोध त्यांत आहे. एका विषयावर सलग लिहिलेला जाडजूड ग्रंथ या यादीत जवळपास नाहीच. बहुतेक पुस्तके व्याख्यानांची किंवा निबंधांची आहेत. १९५५ पासून रोममधून निघालेली ‘कॉन्त्रिब्युतो’ ही निबंधसंग्रहांची मालिका त्यांच्या मृत्यूनंतरही चालू राहिली.

सुरुवातीची पुस्तके मात्र वेगळ्या वळणाची होती : रोमन सम्राट क्लॉडियसवरील (१९३२) आणि मॅसिडोनियाच्या फिलिपवरील (१९३४). १९३८ च्या वंशभेदी कायद्यांमुळे तुरिन विद्यापीठातील प्राध्यापकपद गेले आणि १९३९ मध्ये ते ऑक्सफर्डला आले. आईवडील नाझी छळछावणीत मारले गेले. पुढे ब्रिस्टल, १९५१ ते १९७५ लंडनचे युनिव्हर्सिटी कॉलेज आणि त्यानंतर शिकागो येथे त्यांनी अध्यापन केले.

त्यांचे सर्वांत प्रभावी लेखन पुस्तक नसून १९५० सालचा एक निबंध आहे : ‘प्राचीन इतिहास आणि पुरावस्तूंचा अभ्यासक’. सतराव्या शतकात युरोपात इतिहासाविषयी मोठी शंका निर्माण झाली होती. रोमन इतिहासकार लिव्हीसारखे जुने लेखक पक्षपाती किंवा ऐकीव सांगणारे असतील, तर विश्वास कशावर ठेवायचा? मोमिल्यानोंच्या मते याचे उत्तर इतिहासकारांकडून आले नाही. ते आले नाणी, कोरीव लेख आणि सनदा जमवणाऱ्या हौशी, काहीशा विक्षिप्त मंडळींकडून. त्यांना राजकारणाची सुसंगत कथा सांगायची नव्हती. वस्तू अस्सल की बनावट, एवढेच ठरवायचे होते. त्यातूनच मूळ साधन आणि त्यावरून रचलेले दुय्यम लेखन हा भेद पक्का झाला. बखर आणि अस्सल कागद यांच्यातील फरक ऐकत वाढलेल्या मराठी वाचकाला हा मुद्दा चटकन पटावा. संग्राहकांची ही चिकित्सा आणि तत्त्वज्ञांची व्यापक दृष्टी अठराव्या शतकातील इंग्रज इतिहासकार गिबनने एकत्र आणली, असे ते मानत. हे दोन वर्ग इतके वेगळे नव्हते, असा आक्षेप नंतरच्या अभ्यासकांनी घेतला. तो बऱ्याच अंशी रास्त आहे. तरीही चर्चा आजही याच निबंधापासून सुरू होते.

‘ग्रीक चरित्रलेखनाचा विकास’ (१९७१) हे छोटे पुस्तक ग्रीकांनी चरित्राला इतिहासापासून वेगळे का ठेवले, हे विचारते. चरित्राची सुरुवात ते इसवी सनापूर्वी पाचव्या शतकापर्यंत मागे नेतात आणि त्यावर इराणी प्रभाव असावा, असे सुचवतात. या आरंभीच्या लेखकांत स्कायलॅक्स भेटतो : इराणी सम्राट दरायसच्या आज्ञेने सिंधू नदीतून समुद्राकडे गेलेला हाच तो खलाशी.

‘परकीय शहाणपण’ (१९७५) अधिक धारदार आहे. अलेक्झांडरनंतरच्या ग्रीकांना रोमन, केल्ट, ज्यू आणि इराणी लोकांविषयी कुतूहल होते. पण त्यांच्या भाषा शिकण्याची तसदी त्यांनी सहसा घेतली नाही. मानेथो या इजिप्शियन पुरोहिताने इजिप्तचा आणि बेरोसस या बॅबिलोनी पुरोहिताने बॅबिलोनचा इतिहास ग्रीकमध्ये लिहून द्यावा आणि ग्रीकांनी तो वाचावा, असा व्यवहार होता. रोमनांनी मात्र ग्रीक आत्मसात केली, आणि त्याचा राजकीय फायदाही त्यांनाच झाला.

‘आधुनिक इतिहासलेखनाचा अभिजात पाया’ या ग्रंथात सहा व्याख्याने आहेत. इराणी, ग्रीक व ज्यू इतिहासलेखनापासून ती फेबियस पिक्टर व टॅसिटस हे रोमन इतिहासकार आणि चर्चच्या इतिहासापर्यंत जातात. ग्रीक इतिहासकार हिरॉडोटसला प्राचीनांनी खोटारडा ठरवले होते. सोळाव्या शतकात अमेरिकेहून परतलेल्या प्रवाशांच्या अजब हकिकती वाचल्यावर युरोपला त्याच्या गोष्टी शक्य कोटीतल्या वाटू लागल्या, हा त्यांचा युक्तिवाद येथेही येतो. ही व्याख्याने १९६१-६२ मध्ये अमेरिकेत बर्कलीला दिली गेली. मजकुरावर ते पुढे वर्षानुवर्षे हात फिरवत राहिले. पुस्तक निघाले ते १९९० मध्ये, ते गेल्यानंतर तीन वर्षांनी.