अबू आकिला, शिरीन
अबू आकिला, शिरीन : (३ एप्रिल १९७१ – ११ मे २०२२). पॅलेस्टिनी वार्ताहर; अल जझीरा या अरबी वृत्तवाहिनीच्या जेरुसलेममधील प्रतिनिधी. आडनावाचा लिखित अरबी उच्चार ‘आकिला’ असा आहे. बोलीत तो ‘आक्ले’कडे झुकतो. मराठीत दिसणारे ‘अक्लेह’ हे रूप रोमन वर्णलेखनावरून आले असावे.

त्यांचा जन्म जेरुसलेम येथे, मूळच्या बेथलेहेमच्या मेल्काइट ग्रीक कॅथलिक कुटुंबात झाला. जॉर्डनमध्ये वास्तुकलेचे शिक्षण सुरू करून त्यांनी ते सोडले आणि इर्बिद येथील यारमूक विद्यापीठातून पत्रकारितेची पदवी घेतली. परतल्यावर व्हॉइस ऑफ पॅलेस्टाइन, रेडिओ मोंते कार्लो इ. ठिकाणी काम करून १९९७ मध्ये, वाहिनी जेमतेम वर्षाची असताना, त्या अल जझीरात आल्या.

दुसऱ्या इंतिफादाच्या (इझ्रायली ताब्याविरुद्धच्या पॅलेस्टिनी उठावाच्या) काळात (साधारणतः २०००–०५) त्यांचा चेहरा अरब जगात घरोघरी पोहोचला. २००२ च्या इझ्रायली कारवाईचे पश्चिम किनारा भागातील जेनिन निर्वासित छावणीतील वार्तांकन विशेष गाजले. रणभूमीपेक्षा पाडलेले घर, तपासणीनाक्यावरची रांग आणि कैद्याची आई हे त्यांचे खरे विषय, त्यामुळे ‘युद्धवार्ताहर’ ही संज्ञा त्यांना अपुरी पडते. माणसांजवळ राहता यावे म्हणून आपण हा पेशा निवडला, असे त्या सांगत. वृत्तान्ताच्या शेवटी त्या आपले नाव, वाहिनीचे नाव आणि ठिकाण संथपणे उच्चारत. आरशासमोर कंगव्याचा माईक करून मुली ही ओळ म्हणत, अशा आठवणी अनेक पॅलेस्टिनी स्त्रियांनी सांगितल्या आहेत.

११ मे २०२२ रोजी सकाळी जेनिनमधील इझ्रायली लष्करी छाप्याच्या वार्तांकनासाठी जात असताना डोक्यात गोळी लागून त्यांचा मृत्यू झाला. हेल्मेट आणि ‘प्रेस’ असे ठळक लिहिलेले निळे जाकीट त्यांच्या अंगावर होते. सहकारी अली अस-समूदी यांना पाठीत गोळी लागली. शेजारची एक तरुण पत्रकार झाडाच्या बुंध्याआड अडकली. त्या बुंध्यावरील गोळ्यांच्या खुणा पुढे तपासात महत्त्वाच्या ठरल्या.

गोळी कोणाची, यावर बराच वाद झाला. पॅलेस्टिनी बंदूकधाऱ्यांच्या गोळीबाराची शक्यता इझ्रायली पंतप्रधान नफ्ताली बेनेट यांनी प्रारंभी वर्तविली. त्यासाठी पुढे केलेले चित्रीकरण दुसऱ्याच गल्लीतील असल्याचे बेत्सेलेम या इझ्रायली मानवाधिकार संस्थेने जागेवर जाऊन दाखविले. काढलेली गोळी ५.५६ मिमी. व्यासाची होती, पण या मापाच्या बंदुका दोन्ही बाजूंकडे असल्याने तेवढ्यावरून निर्णय होत नव्हता. चित्रफिती, आवाजाचे पृथक्करण आणि बुंध्यावरील खुणा यांच्या आधारे न्यूयॉर्क टाइम्स, सीएनएन, असोसिएटेड प्रेस आदींनी दिशा शोधली. ती सुमारे २०० मी. अंतरावरील इझ्रायली लष्करी ताफ्याकडे जाते. संयुक्त राष्ट्रांच्या मानवाधिकार कार्यालयानेही २४ जून २०२२ रोजी हाच निष्कर्ष काढला आणि गोळ्या ‘नेम धरून झाडलेल्या’ दिसतात, असे नोंदविले. ५ सप्टेंबर २०२२ रोजी इझ्रायली लष्कराने, आपल्याच सैनिकाची गोळी चुकून लागल्याची दाट शक्यता मान्य केली, मात्र फौजदारी चौकशी नाकारली. हेतूविषयी मतभेद कायम आहेत. पॅलेस्टिनी तपासाने हत्या हेतुपुरस्सर ठरविली. अमेरिकी परराष्ट्र खात्याला ४ जुलैच्या निवेदनात तसे मानण्यास कारण दिसले नाही. टाइम्सने मोजलेल्या १६ गोळ्या आणि जवळपास सशस्त्र पॅलेस्टिनी नसणे यांचा मेळ निव्वळ अपघाताशी घालणे अवघड जाते. नोव्हेंबर २०२२ मध्ये अमेरिकेच्या एफबीआयने तपास सुरू केल्याचे वृत्त आले. अबू आकिला अमेरिकी नागरिकही होत्या.

१३ मे २०२२ रोजी, अंत्ययात्रेच्या वेळी, जेरुसलेममधील सेंट जोसेफ रुग्णालयाच्या आवारात इझ्रायली पोलिसांनी खांदेकऱ्यांवर लाठ्या चालविल्या. शवपेटी एका बाजूला कलली, जवळपास जमिनीला टेकली, पण खांदेकऱ्यांनी ती सोडली नाही. हे दृश्य जगभर थेट दिसले. झायन टेकडीवरील दफनभूमीत आईवडिलांशेजारी त्यांचे दफन झाले. गोळी लागली त्या जागी उभे राहिलेले स्मारक ऑक्टोबर २०२३ मध्ये लष्करी बुलडोझरने पाडले.