निर्बंध, यांत्रिक

कण, वस्तू किंवा वस्तुसमूह यांच्या गतीवर भूमितीमुळे अथवा परस्परसंपर्कामुळे पडणारी मर्यादा. लंबकाचा गोळा टांगणीच्या बिंदूपासून ठरावीक अंतरावरच राहतो, दार बिजागरीभोवतीच फिरते. अवकाशात मोकळ्या असलेल्या दृढ वस्तूला सहा स्वातंत्र्यमात्रा असतात (तीन सरकण्याच्या, तीन फिरण्याच्या) आणि प्रत्येक स्वतंत्र निर्बंध सर्वसाधारणपणे त्यांतील एक काढून घेतो. निर्बंध टिकवून धरणाऱ्या बलाला निर्बंध-प्रतिक्रिया म्हणतात. आदर्श निर्बंधाची प्रतिक्रिया आभासी विस्थापनात (त्या क्षणी निर्बंध न मोडता कल्पिलेल्या सूक्ष्म हालचालीत) कार्य करत नाही. या गृहीतावर द’आलांबेर (१७४३) व लाग्रांज (१७८८) यांनी उभारलेल्या पद्धतीत अज्ञात प्रतिक्रिया समीकरणांतून वगळता येतात. कोरडे घर्षण असेल तेथे मात्र हे गृहीत जपून वापरावे लागते.

जो निर्बंध केवळ स्थानांमधील (व कदाचित काळामधील) समीकरणाने मांडता येतो तो होलोनॉमिक. जो वेगांवरच लागू होतो आणि समाकलन करून स्थानांवरच्या अटीत रूपांतरित करता येत नाही, तो अहोलोनॉमिक. ही संज्ञा हाइन्‌रिख हर्ट्‌झ यांच्या १८९४ मध्ये मरणोत्तर प्रसिद्ध झालेल्या यामिकीवरील ग्रंथातून रूढ झाली. तथापि अशा निर्बंधांची समीकरणे फेरर्स यांनी १८७०च्या दशकातच मांडली होती, त्यामुळे विषयाचा आरंभ हर्ट्‌झ यांच्यापासून मानणे फारसे योग्य वाटत नाही.

सपाटीवर उभी राहून न घसरता घरंगळणारी पातळ चकती हे याचे प्रमाण उदाहरण होय. तिची स्थिती सांगायला चार सहनिर्देशक लागतात : स्पर्शबिंदूचे दोन, तोंड कोणत्या दिशेला हे सांगणारा एक आणि स्वतःच्या आसाभोवती ती किती फिरली याचा एक. न घसरण्याच्या दोन अटींमुळे कोणत्याही क्षणी तिला दोनच प्रकारे हलता येते : पुढेमागे घरंगळणे किंवा जागच्या जागी वळणे. तरीही योग्य वळणे घेत ती चारही सहनिर्देशकांच्या कोणत्याही मूल्यांपर्यंत पोहोचू शकते. क्षणापुरते स्वातंत्र्य घटते, पोहोच घटत नाही. मोटार आडवी सरकू शकत नाही, तरी पुढेमागे करून आडव्या जागेत लावता येते, त्यामागचे कारण हेच.

या प्रकारात लाग्रांज यांची नेहमीची समीकरणे आंधळेपणाने वापरता येत नाहीत. घरंगळणाऱ्या वस्तूच्या प्रश्नात लिंडेलॉफ यांच्याकडून १८९५ मध्ये हीच चूक झाली. चाप्लिगिन यांनी ती दाखवून देऊन योग्य समीकरणे १८९७ मध्ये प्रसिद्ध केली. पुढे वाद निराळ्या अंगाने उभा राहिला. निर्बंध आभासी विस्थापनांवर लावायचा, की तुलनेसाठी घेतलेले सगळे मार्गच आधी निर्बंधात बसवून त्यांतून क्रियेचे (गतिज व स्थितिज ऊर्जांतील फरकाच्या काळावरील समाकलाचे) स्थिर मूल्य शोधायचे? होलोनॉमिक निर्बंधांत दोन्ही रीतींनी एकच उत्तर येते, अहोलोनॉमिक निर्बंधांत सामान्यतः येत नाही. दुसरी रीत कोझ्लॉव्ह यांनी १९८०च्या दशकात पुरस्कारली. फिरत्या मेजावर घरंगळणाऱ्या चेंडूवरील लुइस व मरे यांचे प्रयोग (१९९५) पहिल्या रीतीशी अधिक जुळतात. अतिशय मोठ्या चिकट घर्षणाची सीमा घेतली असताही पहिल्या रीतीचीच समीकरणे मिळतात. म्हणून घरंगळण्यासाठी तीच ग्राह्य धरणे इष्ट. दुसरी रीत इष्टतम नियंत्रणाच्या प्रश्नांत उपयोगी पडते.

अभियांत्रिकीत दुवे व सांधे मोजून यंत्रणेची चलनक्षमता (उरलेल्या स्वातंत्र्यमात्रांची संख्या) काढतात. एका पातळीत n दुवे व j साधे सांधे असतील तर ती ३(n−१)−२j इतकी येते; चार दुवे व चार सांधे असलेल्या यंत्रणेसाठी ९−८=१. हे सूत्र केवळ मोजणी करते, मापे पाहत नाही. बेनेट यांच्या अवकाशीय चतुर्दुव्यासाठी (१९०३) याच मोजणीने (अवकाशात दर दुव्याला सहा मात्रा, दर सांध्याचे पाच निर्बंध) ६×३−५×४=−२ येते, म्हणजे तो जाम व्हायला हवा, पण प्रत्यक्षात तो सहज फिरतो. त्यात समोरासमोरच्या दुव्यांच्या लांब्या व पीळकोन (दुव्याच्या दोन टोकांच्या सांध्यांच्या आसांमधील कोन) समान असतात, शिवाय लांबी व पीळकोनाची ज्या (साइन) यांचे गुणोत्तर चारही दुव्यांत एकच असते. त्यामुळे काही निर्बंध परस्परांवर अवलंबून राहतात. उलटपक्षी केल्व्हिन यांच्या जोडणीत एकही निर्बंध जादा नसतो : तीन गोळ्यांपैकी एक त्रिफलकी खळग्यात तीन ठिकाणी, दुसरा खाचेत दोन ठिकाणी व तिसरा सपाटीवर एका ठिकाणी टेकतो. सहा संपर्क, सहा स्वातंत्र्यमात्रा. उपकरण काढून पुन्हा ठेवले तरी ते अत्यंत अचूकपणे पूर्वीच्याच जागी बसते.

जीवशास्त्रात निर्बंध क्वचितच इतके काटेकोर असतात. गुडघ्यातील दोन स्वस्तिक अस्थिबंध व दोन हाडे मिळून चतुर्दुवा मानतात, पण अस्थिबंध ताणले जात असल्याने ते केवळ सन्निकटन होय. पडणारी मांजर पायांवर उतरते, हे मारे यांच्या १८९४च्या छायाचित्रमालिकेने दाखवले. तिचा एकूण कोनीय संवेग शून्य राहतो, परंतु ही अट वेगांवरची व असमाकलनीय असल्याने शरीर वाकवून-वळवून पुन्हा मूळ आकारात येईपर्यंत तिला निव्वळ वळण मिळते. केन व शेर यांनी १९६९ मध्ये याचे गणिती प्रारूप दिले. डोळ्याला फिरण्याच्या तीन मात्रा असूनही, डोके स्थिर असताना तो दोनच वापरतो (लिस्टिंग यांचा नियम). झोपेत हा नियम मोडतो, त्यामुळे तो बहुधा मज्जासंस्थेच्या नियंत्रणातून येत असावा. मात्र स्नायूंना दिशा देणाऱ्या खोबणीतील ऊतींचाही त्यात वाटा आहे, असे काही संशोधक मानतात.