बर्फाला उजेड कोण पुरवतं?

माझी भाची नववीत आहे आणि सध्या एक जग रचते आहे. वहीत नकाशा काढलाय, गावांना नावं दिली आहेत. तिथे सूर्य नावापुरता. सगळं गोठलेलं, पण रात्री बर्फच हिरवट-निळा उजळतो आणि त्या उजेडात लोक गाड्या हाकतात. मध्ये मध्ये काळे पट्टे आहेत. तिथून कुणी जात नाही, कारण खालचं खारं पाणी तिथे वर आलेलं असतं आणि बर्फ पातळ असतो. सोलापुरात मे महिन्यात, पारा ४२च्या वर असताना, कूलरसमोर बसलेल्या पोरीला असलं जग सुचलं यात नवल काहीच नाही.

"मामा, असं खरंच होईल का?" तिने विचारलं. मी मामाच्या अधिकाराने सांगून टाकलं, की उजेडाचं एक वेळ जमेल, पण काळे पट्टे म्हणजे तू गोष्टीसाठी केलेली सोय. नंतर वाचायला बसलो आणि चूक माझीच निघाली.

आधी सोपं ते बाजूला काढू. हिमनदीच्या भेगेतला निळा रंग फोटोत उजेडासारखा दिसतो, पण तो सूर्याकडून उसना आणलेला असतो. बर्फ तांबडा प्रकाश थोडा थोडा गिळतो, निळा पुढे जाऊ देतो. उसाच्या रसातल्या खड्यात हे दिसायचं नाही. त्यासाठी काही मीटर जाडीचा, बुडबुडे दाबून निघून गेलेला बर्फ लागतो. सूर्य मावळला की खेळ संपला. भाचीच्या कामाचा नाही.

तापवून उजळवणंही शक्य नाही. लोखंड लाल दिसायला ५०० अंशांच्या आसपास जावं लागतं. बर्फ शून्यालाच हात टेकतो. म्हणजे हवा थंड उजेड, काजव्याचा असतो तसा. त्यासाठी बाहेरून कुणीतरी ऊर्जा द्यायला हवी. पदार्थातले इलेक्ट्रॉन ती घेऊन वरच्या पायरीवर जातात आणि खाली येताना प्रकाश टाकतात.

ही ऊर्जा नुसत्या दणक्यातूनही मिळते. आपला जिल्हा साखर कारखान्यांचा, तेव्हा हे करून बघायला हरकत नाही. अमावस्येच्या रात्री दिवे घालवा, डोळे अंधाराला सरावेपर्यंत दहा मिनिटं बसा आणि खडीसाखरेचा कोरडा खडा पक्कडीत धरून फोडा. क्षणभर निळसर ठिणगी दिसते. स्फटिक तुटताना भेगेच्या दोन्ही बाजूंना विरुद्ध विद्युतभार साठतो, तो उडी मारतो आणि मधल्या हवेतला नायट्रोजन उजळतो. घरच्या घरी वीज पडते म्हणा ना! साखर खरवडताना उजेड दिसतो, हे फ्रान्सिस बेकनने १६२० मध्येच नोंदवलं होतं. पण एवढ्या उजेडात गाडी हाकता येत नाही.

दक्षिण ध्रुवावरच्या बर्फातही निळे लुकलुकाट होतात. तिथे आइसक्यूब नावाची वेधशाळा २०१० मध्ये पूर्ण झाली. एक घन किलोमीटर बर्फात ५,१६० प्रकाशसंवेदक, पृष्ठभागाखाली १,४५० ते २,४५० मीटर खोलीवर पुरलेले. अवकाशातून आलेला एखादा न्यूट्रिनो, म्हणजे विद्युतभार नसलेला अतिसूक्ष्म कण, बर्फातल्या अणूला धडकला की विद्युतभारित कण सुटतात. बर्फात प्रकाश जितक्या वेगाने जातो त्याहून हे कण वेगवान असतात आणि मागे निळा उजेड सोडत जातात. डोळ्यांना मात्र यातलं काही दिसत नाही.

मग उरतो युरोपा, गुरूचा उपग्रह, आपल्या चंद्राहून थोडा लहान. विषुववृत्तावरही तापमान उणे १६० अंशांच्या आसपास. बर्फाच्या कवचाखाली खारा समुद्र असावा, याचे भक्कम पुरावे आहेत. गुरू दहा तासांत स्वतःभोवती फिरतो आणि त्याचं अवाढव्य चुंबकीय क्षेत्रही सोबत फिरतं. त्यात अडकलेले वेगवान इलेक्ट्रॉन युरोपावर दिवसरात्र आदळत असतात. ऊर्जा पुरवणारा सापडला तो हा.

नासाच्या जेट प्रपल्शन प्रयोगशाळेतले मूर्ती गुडिपाटी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी हाच मारा प्रयोगशाळेत करून पाहिला. खूप थंड केलेल्या बर्फावर इलेक्ट्रॉनांचा झोत सोडला आणि बर्फ मंद हिरवट उजळला. निष्कर्ष २०२०च्या नोव्हेंबरमध्ये प्रसिद्ध झाले. युरोपाची रात्रीची बाजू अंधारात अशीच चमकत असणार, असा त्यांचा अंदाज आहे.

पण मी अडकलो ते पुढच्या ओळीवर. बर्फात मॅग्नेशियम सल्फेट, म्हणजे औषधाच्या दुकानातलं एप्सम सॉल्ट, मिसळलं तर चमक वाढली. साधं मीठ मिसळलं तर चमक घटली. म्हणजे रात्री युरोपाचा कुठला भाग किती उजळतो यावरून तिथल्या बर्फात कोणतं मीठ आहे याचा माग काढता येईल, आणि ते खालच्या समुद्रातून वर आलेलं असू शकतं. भाचीचे काळे पट्टे! युरोपा क्लिपर हे यान १४ ऑक्टोबर २०२४ला निघालंय. २०३०च्या एप्रिलमध्ये ते गुरूपाशी पोहोचेल आणि मग युरोपाजवळून ४९ फेऱ्या मारेल, काही वेळा अवघ्या २५ किलोमीटरवरून.

मला फोनवर कबुली द्यावी लागली. शिक्षा म्हणून टॉनिक वॉटरची बाटली आणि नोटा तपासायची अतिनील टॉर्च घेऊन बहिणीच्या घरी गेलो. टॉनिक वॉटरमध्ये क्विनाइन असतं. ते अतिनील किरण गिळून निळा प्रकाश देतं. खिडकीवर सोलापुरी चादर लावून खोली अंधारी केली. पेल्यावर टॉर्च मारली तर पाणी निळंशार. भाचीने चिमूटभर मीठ टाकून ढवळलं आणि निळाई डोळ्यांदेखत मावळली. (इथली यंत्रणा युरोपापेक्षा वेगळी आहे. मिठातला क्लोराइड इथे क्विनाइनची ऊर्जा प्रकाश व्हायच्या आधीच काढून घेतो. पण नऊ रुपयांच्या मिठाच्या पुडीनेही उजेड विझतो, हे तिला दिसायला हवं होतं.)

एक गोष्ट सांगणं मात्र भाग होतं. जो मारा बर्फ उजळवतो, तोच माणसाला मारतो. युरोपावर उघड्यावर एक दिवस काढला तरी विकिरणाने जीव जाईल. तिच्या गाडीवानांचं काय होणार?

ती थोडा वेळ वही चाळत बसली. मग खोडरबर घेऊन सगळी गावं पुसली आणि बर्फाखाली, चार-पाच मीटर खोल काढली. इलेक्ट्रॉन तेवढं खाली पोहोचत नाहीत. वर चमकणारं छत. मी म्हटलं, एवढ्या बर्फातून गाळून आलेला उजेड हिरवट राहणार नाही, आणखी निळा होईल.

"मग रंगपेटीतला निळा संपलाय, तो आण," ती म्हणाली.