कॅमेऱ्यासमोरची आठ मते: पार्श्वभूमी

अमेरिकेच्या फ्लोरिडा राज्यातील २००० सालच्या राष्ट्राध्यक्षपदाच्या निवडणुकीची फेरमोजणी आणि त्यानंतर देशभर केंद्राच्या निधीतून झालेली मतदानयंत्रांची घाऊक खरेदी सर्वांना ठाऊक आहे. मतदानयंत्रांवरील ‘हॅकिंग डेमोक्रसी’ या माहितीपटाच्या दृष्टीने महत्त्वाचा दिवस मात्र १३ डिसेंबर २००५ हा होय. त्या दिवशी त्याच राज्यातील लिऑन काउंटीत (जिल्ह्यात), निवडणूक अधिकाऱ्याच्या संमतीने, फिनलंडच्या एका संगणकसुरक्षा तज्ज्ञाने चित्रणपथकासमोर यंत्राची परीक्षा घेतली.

यंत्र कागदी मतपत्रिका वाचणारे होते. मतांची नोंद ठेवणाऱ्या मेमरी कार्डाच्या साहाय्याने निकाल बदलता येईल का, या प्रश्नावर आठ जणांनी मते दिली. दोन ‘होय’, सहा ‘नाही’. यंत्राने निकाल छापला तो सात ‘होय’, एक ‘नाही’. तज्ज्ञाने कार्डावर ‘होय’च्या खात्यात आधीच पाच आणि ‘नाही’च्या खात्यात उणे पाच मते भरून ठेवली होती, त्यामुळे एकूण बेरीज आठच भरली, आणि मतदानापूर्वी यंत्रातून काढलेल्या छापील पट्टीवरही सगळीकडे शून्येच उमटली.

या प्रयोगाला ‘हॅक’ म्हणावे की ‘चाचणी’, यावरून पुढे बराच वाद झाला. तज्ज्ञाच्या हाती कार्ड सोपवले, तसे खऱ्या निवडणुकीत घडत नाही, हा उत्पादकांचा आक्षेप अगदीच निराधार नव्हता. पण कार्ड निवडणूक कर्मचाऱ्यांच्या हातून जातेच, आणि प्रश्न आतल्या माणसाच्या गैरकृत्याचाही होता, ही बाजू त्या आक्षेपात झाकली जाते. ‘हॅक’ म्हटले की दूरवरून इंटरनेटद्वारे घुसलेला चोर डोळ्यांसमोर येतो. येथे जे दिसले ते हिशेबाच्या वहीत आधीच खोटी नोंद करून ठेवण्यासारखे होते. म्हणून ‘चाचणी’ हाच शब्द अधिक नेमका वाटतो. फेब्रुवारी २००६ मध्ये कॅलिफोर्नियाने नेमलेल्या अभ्यासकांनी ही पद्धत चालते, असा निर्वाळा देऊन आणखी सोळा दोष नोंदवले. दरम्यान त्या काउंटीला यंत्रे पुरवण्यास विक्रेत्यांनी नकार दिला. नोव्हेंबरमध्ये, उत्पादकाने प्रसारण थांबवण्याची मागणी केलेली असतानाही, माहितीपट दूरचित्रवाणीवर दाखवला गेला.

२०१० मध्ये भारतीय मतदानयंत्राचे असेच प्रात्यक्षिक चित्रफितीतून समोर आले. मतांचे आकडे दाखवणारी बदललेली दर्शकपट्टी यंत्रात बसवून मोबाइलवरून आकडे फिरवून दाखवले होते. ते यंत्र मुंबईतील सरकारी साठ्यातून चोरीला गेल्याच्या तक्रारीवरून हैदराबादच्या एका संशोधकाला ऑगस्टमध्ये अटक करून मुंबईत आणण्यात आले. यंत्र कोणी दिले हे त्याने सांगितले नाही. मूळ प्रश्न यंत्राच्या विश्वासार्हतेचा होता, पण चर्चा चोरीभोवतीच फिरत राहिली.

लिऑनचा प्रयोग करणारा तज्ज्ञ मार्च २०२० मध्ये आणखी एका माहितीपटाच्या केंद्रस्थानी होता. त्याच वर्षी अमेरिकेतील नोव्हेंबरच्या राष्ट्राध्यक्षपदाच्या निवडणुकीनंतर पराभूत पक्षाचे समर्थक यंत्रांवर आरोप करू लागले, तेव्हा त्याच्यासह ५९ तज्ज्ञांनी, निकाल तांत्रिक फेरफाराने बदलल्याचा विश्वासार्ह पुरावा नाही, असे जाहीर निवेदन काढले. अमेरिकेच्या जॉर्जिया राज्यात सुमारे पन्नास लाख कागदी मतपत्रिका हाताने मोजल्या गेल्या, आणि विजेता तोच राहिला. लिऑनमध्येही यंत्र चुकले तेव्हा खरा निकाल त्या आठ कागदांवरच होता.