चॅट बॅन आला कुठून? विझार्डपासून आवाज ऐकणाऱ्या मशीनपर्यंतची पार्श्वभूमी

मॅच संपते, आपण लॉबीत परत येतो आणि स्क्रीनच्या मधोमध एक खिडकी उघडते. तुमच्या अकाउंटवर चॅट पेनल्टी लागली आहे, पुढच्या इतक्या मॅच होईपर्यंत मेसेज टाकता येणार नाहीत, आणि खाली एकच बटण, "समजलं". माझ्यासोबत हे पहिल्यांदा झालं तेव्हा मी ते बटण बराच वेळ दाबलंच नाही, कारण मला खरंच काही समजलं नव्हतं. आदल्या रात्री सहा मॅच खेळलो होतो, सगळ्या हरलो होतो, त्यात एका टीममेटला चांगलंच झापलं होतं हे आठवत होतं, पण शिक्षा त्याच ओळीची की दुसऱ्या कुठल्या, हे कुठेच लिहिलेलं नव्हतं. गेम कुठला ते सांगत नाही, कारण तेव्हा जवळपास सगळीकडे हीच पद्धत होती. पण तेव्हापासून हे डोक्यात बसलं की ही शिक्षा सुरू कुठून झाली आणि "तुझं हे चुकलं" असं सांगायचं मध्येच कुठे राहून गेलं.

सुरुवात शोधायची तर १९७८ पर्यंत मागे जावं लागतं. इंग्लंडमधल्या एसेक्स युनिव्हर्सिटीत रॉय ट्रबशॉ आणि रिचर्ड बार्टल या दोघांनी मड नावाचा गेम बनवला, चित्र वगैरे काही नाही, नुसता मजकूर, पण एकाच जगात अनेक जण एकत्र खेळू शकत होते. त्यात भरपूर पॉइंट मिळवले की खेळाडू विझार्ड व्हायचा आणि विझार्डला बाकीच्यांवर अधिकार मिळायचे, अगदी एखाद्याचं कॅरेक्टर कायमचं मारून टाकण्यापर्यंत. म्हणजे न्याय करणारा आपल्यातलाच, आधी आपल्यासारखाच खेळलेला. तो चुकायचा, कधी मनमानी पण करायचा, पण तो समोर असायचा आणि त्याला विचारता यायचं की बाबा, माझ्यावर का?

मग १९८८ मध्ये आयआरसी, म्हणजे इंटरनेट रिले चॅट आलं. हा गेम नव्हता, निव्वळ चॅट, पण आजच्या चॅट पेनल्टीचं बी मला तिथे दिसतं. चॅनेलचा, म्हणजे तिथल्या चॅट रूमचा, ऑपरेटर कोणालाही किक (बाहेर काढणं) किंवा बॅन करू शकत होता, ते तर होतंच, पण चॅनेल मॉडरेटेड मोडवर टाकायची सोयही होती, मग ज्याला ऑपरेटरने व्हॉइस दिलाय तोच बोलणार, बाकीच्यांनी आत बसून नुसतं वाचायचं. माणसाला हाकलायचं नाही, फक्त त्याचं बोलणं काढून घ्यायचं, हा विचार तिथे साध्या कमांडमध्ये आला होता. गेममध्ये याचं महत्त्व जास्त, कारण तिथे खेळणं आणि बोलणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. चांगला खेळणारा तोंडाने घाण असू शकतो आणि त्याला खेळातून काढलं तर त्याच्या टीममधले बाकीचे पण अडकतात.

१९९३ मध्ये लॅम्डामू नावाच्या मजकुरी जगात जे झालं ते या विषयातलं सगळ्यात जास्त चर्चा झालेलं प्रकरण. हे जग पॅव्हेल कर्टिसने झेरॉक्स पार्क या झेरॉक्स कंपनीच्या संशोधन केंद्रात उभं केलं होतं. तिथे मिस्टर बंगल या नावाने वावरणाऱ्या एका युजरने अशी ट्रिक वापरली की दुसऱ्यांची कॅरेक्टर्स जणू स्वतःहूनच घाणेरडं काहीतरी करतायत असं सगळ्यांच्या स्क्रीनवर दिसायचं, आणि हे सगळं भर दिवाणखान्यात, लोकांसमोर. लोक हादरले. गंमत नव्हती ही, ज्यांच्यावर हे झालं त्या खरोखरच्या माणसांना त्याचा त्रास झाला. आणि नेमकं त्याच्या आधी काही महिने तिथल्या विझार्डांनी जाहीर केलं होतं की आम्ही आता लोकांच्या भांडणात पडणार नाही. मग युजर्सनी बैठक भरवली, तासन्‌तास बोलले, निर्णय काही होईना, शेवटी एका विझार्डने स्वतःच्या मर्जीने बंगलला टोड केलं, म्हणजे अकाउंट संपवलं. टोड म्हणजे बेडूक, जुन्या मडमधली कमांड, कॅरेक्टरचा बेडूक करायची. त्यानंतर कर्टिसने अर्ज आणि मतदानाची पद्धत आणली. आणि तो बंगलवाला काही दिवसांनी नवं नाव घेऊन परत आला! नवीन अकाउंट काढून परत यायची पळवाट आजही तशीच आहे.

नव्वदच्या दशकाच्या शेवटी आणि त्यानंतर काउंटर-स्ट्राइकसारखे गेम लोकांच्या स्वतःच्या सर्व्हरवर चालायचे आणि माझ्या मते चॅटच्या शिस्तीचा सगळ्यात माणुसकीचा काळ तोच होता. सर्व्हर कोणाचातरी असायचा, त्याचे ठरलेले अॅडमिन असायचे, तेच लोक रोज रात्री यायचे. सोर्समॉड नावाच्या अॅडमिन टूलमध्ये तीन वेगळ्या कमांड होत्या, अजूनही आहेत. गॅग म्हणजे टाइप करणं बंद, म्यूट म्हणजे माइक बंद, सायलेन्स म्हणजे दोन्ही बंद. आज मोठमोठ्या कंपन्यांच्या पेनल्टीच्या पानावर जे टेक्स्ट आणि व्हॉइस असं वेगवेगळं दिसतं ते या तीन शब्दांत केव्हाच झालेलं होतं. आणि अॅडमिन गॅग करायच्या आधी बहुतेक वेळा एकदा बोलायचा, "अरे बस झालं, अजून एकदा लिहिलंस तर गॅग", लोक त्यावर थांबायचे, कारण उद्या परत त्याच सर्व्हरवर यायचं असायचं. पक्षपात चालायचा हेही खरं, अॅडमिनच्या मित्राला सगळं माफ, ते मी नाकारत नाही.

हे मोडलं मॅचमेकिंगने, म्हणजे सिस्टिमनेच अनोळखी खेळाडूंची जुळणी करण्याने. २००२ मध्ये एक्सबॉक्स लाइव्ह सुरू झालं, हेडसेट लावून अनोळखी माणसाशी बोलणं घरोघरी पोचलं. पुढे २००९ मध्ये लीग ऑफ लेजंड्स आला, बटण दाबा आणि सिस्टिम तुम्हाला नऊ अनोळखी लोकांसोबत बसवते, अर्धा-पाऊण तास एकमेकांवर अवलंबून, आणि मॅच संपली की ते परत कधी भेटतील याची काही खात्री नाही. उद्याची भीड गेली की जीभ सुटते, त्यात हरण्याचा राग, आणि जवळ अॅडमिन कोणी नाही. एवढ्या करोडो मॅचना माणूस पुरणार तरी कसा.

त्यावर लीग बनवणाऱ्या राइट गेम्सने २०११ मध्ये ट्रिब्युनल आणलं, आणि माझ्यासाठी या सगळ्या इतिहासातला हा सगळ्यात इंटरेस्टिंग भाग आहे. ज्याच्यावर वारंवार रिपोर्ट आलेत त्याच्या मॅचचे चॅट लॉग दुसऱ्या खेळाडूंसमोर ठेवायचे, त्यांनी वाचायचं आणि शिक्षा की माफी ते मत द्यायचं. लॅम्डामूचं मतदानच ते, फक्त प्रचंड मोठ्या प्रमाणावर. शिक्षा झालेल्याला मग रिफॉर्म कार्ड मिळायचं, त्यात त्याच्याच ओळी, कशावरून हे झालं ते. आपण काय लिहिलं होतं ते दुसऱ्या दिवशी शांत डोक्याने वाचायला लागणं ही वेगळीच गोष्ट आहे, मला नंतर एका अपिलात माझी ओळ मिळाली तेव्हा ते कळलं. ती मला वाटत होती ती झापाझापीची ओळ नव्हतीच. तिसऱ्या मॅचच्या शेवटी एका नवख्या मुलाने "सॉरी, पहिल्यांदाच खेळतोय" लिहिलं होतं आणि त्याखाली मी लिहिलं होतं "मग अनइन्स्टॉल कर ना". शिवी एकही नाही त्यात, आणि तरी सगळ्यात वाईट ओळ तीच होती. मला ती लिहिल्याचं आठवतही नव्हतं.

राइटमध्ये तेव्हा जेफ्री लिन या न्यूरोसायन्सवाल्या माणसाची टीम यावर काम करत होती आणि त्यांनी जे आकडे सांगितले त्याने सगळी चर्चाच फिरली. सतत विषारी वागणारे खेळाडू साधारण १ टक्का, पण एकूण घाणीतला त्यांचा वाटा फक्त ५ टक्क्यांच्या आसपास! बाकीची जवळपास सगळी येत होती साध्यासुध्या लोकांकडून, ज्यांचा तो दिवस वाईट गेला होता. म्हणजे चार गुंडांना हाकललं की चॅट साफ होईल हा समजच चुकीचा. ज्याला ताळ्यावर आणायचंय तो तुमच्या-माझ्यासारखाच, मग शिक्षा पण तशीच हवी ना, लहान, लगेच, आणि कारण सांगणारी. त्यांनी अजून एक प्रयोग केला, विरोधी टीमशी बोलायचं चॅट बंद ठेवलं, ज्याला हवं त्याने सेटिंगमधून चालू करायचं. आठवड्याभरात वाईट चॅट ३२.७ टक्क्यांनी कमी आणि चांगलं चॅट ३४.५ टक्क्यांनी जास्त, आणि लोक चॅट वापरत तेवढंच होते. एक क्लिक मध्ये आला एवढंच, पण त्या एका क्लिकच्या वेळात राग थोडा उतरतो.

याच सुमारास चॅट रिस्ट्रिक्शन आलं, एका मॅचमध्ये मोजकेच मेसेज. ही कल्पना मला आजही पूर्ण म्यूटपेक्षा चांगली वाटते, कारण पाच मेसेज असतील तर माणूस ते "मिड गायब आहे" (मधल्या वाटेवरचा विरोधी खेळाडू दिसत नाहीये) अशा कामाच्या सूचनेसाठी जपून ठेवतो, भांडणात घालवत नाही. पण ट्रिब्युनल हळू होतं, गुन्हा आज आणि निकाल कितीतरी दिवसांनी, २०१४ मध्ये ते बंद पडलं आणि २०१५ पासून काम मशीनकडे गेलं, मॅच संपल्यावर साधारण १५ मिनिटांत निकाल. पायऱ्या ठरल्या, आधी १० मॅच चॅट मर्यादा, मग २५ मॅच, मग १४ दिवस बॅन, मग कायमचा. वेग मिळाला आणि ओळ दाखवायची पद्धतही तिथे राहिली. पण ज्या बाकीच्या गेमनी नक्कल केली त्यातल्या बऱ्याच जणांनी वेग घेतला आणि ओळ सोडून दिली.

बाकीच्यांचे मार्ग थोडक्यात सांगतो. व्हॉल्व्ह कंपनीने २०१३ मध्ये आपल्या डोटा २ या गेममध्ये कम्युनिकेशन बॅन, म्हणजे बोलण्यावर बंदी, आणला आणि बॅन मिळालेल्यांपैकी ६० टक्के पुन्हा त्या वाटेला जात नाहीत असं सांगितलं, नंतर तिथे वागणुकीचा स्कोअर आला, आणि २०२३ मध्ये तर खेळातली वागणूक आणि बोलणं यांचे दोन वेगळे स्कोअर झाले. वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्टमध्ये २०१६ पासून सायलेन्स, पहिला २४ तासांचा आणि पुढचा प्रत्येक आधीच्या दुप्पट, वर मर्यादाच नाही, म्हणजे सातव्यांदा पकडलात तर दोन महिन्यांच्या वर गप्प. काउंटर-स्ट्राइकने २०२० मध्ये वेगळी युक्ती केली, ज्याच्यावर इतरांपेक्षा फारच जास्त रिपोर्ट त्याला सगळ्यांसाठी आधीच म्यूट करून ठेवायचं, ज्याला ऐकायचंय त्याने अनम्यूट करावं, आणि त्याने खेळून पुरेसे एक्सपी (अनुभवाचे पॉइंट) मिळवले की ते उठतं.

शब्द पकडणारे फिल्टर मात्र कायम गोंधळाचे राहिले. १९९६ मध्ये एओएल या इंटरनेट कंपनीच्या फिल्टरने इंग्लंडमधल्या स्कनथॉर्प गावच्या लोकांना अकाउंटच काढू दिलं नव्हतं, कारण गावाच्या नावाच्या पोटात एक शिवी लपलेली आहे. रेनबो सिक्स सीज या गेमने २०१८ मध्ये ठरावीक शिव्या टाइप करताच आपोआप बॅन सुरू केला, पहिल्यांदा अर्धा तास, दुसऱ्या-तिसऱ्यांदा दोन तास, त्यानंतर चौकशी आणि कायमचा बॅन. लगेच परिणाम होतो हे खरं, पण मशीन शब्द बघतं, रोख बघत नाही, माझी "अनइन्स्टॉल"वाली ओळ अशा फिल्टरमधून आरामात सुटली असती. आणि इंग्रजी सोडून दुसऱ्या भाषेत, तेही रोमन अक्षरांत तोडून-मोडून लिहिलेलं असेल तर विचारूच नका.

आता गाडी आवाजावर आली आहे. राइटच्याच व्हॅलोरंट या गेममध्ये २०२२ च्या जुलैत उत्तर अमेरिकेत इंग्रजी व्हॉइस चॅट तपासायला सुरुवात झाली, आणि कॉल ऑफ ड्यूटीने २०२३ मध्ये मॉड्युलेट कंपनीचं टॉक्समॉड हे सॉफ्टवेअर घेतलं, जे नुसते शब्द नाही तर बोलण्याचा सूरही बघतं. त्यातून मैत्रीतली शिवी आणि खरी शिवी वेगळी कळेल अशी आशा आहे. पण आपला आवाज रेकॉर्ड होतोय ही गोष्ट खेळाडूंना आधीच साध्या शब्दांत सांगायला हवी, चाळीस पानांच्या अटींमध्ये पुरून नाही, यावर माझं मत ठाम आहे.

२०२३ च्याच ऑगस्टमध्ये एक्सबॉक्सने स्ट्राइकची पद्धत आणली आणि मला ती आवडली कारण त्यात हिशोब उघडा आहे. अपशब्दाला एक स्ट्राइक, त्रास देण्याला दोन, द्वेषाच्या भाषेला तीन, प्रत्येक स्ट्राइक सहा महिने रेकॉर्डवर, आणि आठ झाले की वर्षभर चॅट, पार्टी, मल्टिप्लेअर सगळं बंद. आपण कुठे उभे आहोत ते आपल्याला दिसतं. युरोपियन युनियनच्या डिजिटल सर्व्हिसेस अॅक्टनेही, जो २०२४ च्या फेब्रुवारीपासून पूर्ण लागू झाला, ऑनलाइन सेवांवर बंधन टाकलंय की युजरचा मजकूर काढला किंवा त्याच्यावर बंदी घातली तर कारण स्पष्ट सांगा.

त्यामुळे आज कोणाला पेनल्टी लागली तर मी आधी तीन गोष्टी बघायला सांगतो. ती टेक्स्टची आहे, व्हॉइसची की दोन्हीची. ती दिवसांवर मोजली जाते की मॅचवर, कारण मॅचवर असेल तर गेम बंद करून आठवडाभर वाट बघितली तरी ती एकानेही कमी होत नाही, खेळूनच संपवावी लागते. आणि ही कितवी पायरी आहे, पुढची काय आहे. मग अपील करायचं असेल तर "मी काही केलं नाही" असं लिहू नका, मॅचची तारीख-वेळ द्या आणि कुठल्या ओळीवरून हे झालं ते दाखवा एवढंच मागा. मला ती ओळ दुसऱ्या अपिलात मिळाली, पहिल्याला नुसतं ठरलेलं उत्तर आलं होतं.